वाफेवरची मुंबई

मी भित्री आहे. लग्न होऊन लोधिवलीहून दहिवलीला आले, तेव्हा महिनाभरात ही गोष्ट अख्ख्या आळीला कळली होती. पालीला मी घाबरते, विहिरीत वाकून बघायला घाबरते, कर्जतला रूळ ओलांडताना दूरदूर गाडी नसली तरी घाबरते. आणि कुकरला तर इतकी घाबरायचे, की तो स्टोव्हवर चढवला की मागच्या दारात जाऊन उभी राहायचे आणि तिथूनच शिट्ट्या मोजायचे. नणंदांना नकला करायला आयतंच खाद्य मिळालं. हे मात्र हसायचे नाहीत. हे म्हणजे माझे यजमान, खोपोलीच्या एका कारखान्यात फिटर होते. त्यांनी एकदा मला हाताला धरून कुकरसमोर उभं केलं आणि सांगितलं, "शिट्टी वाजतेय ना, तोवर भ्यायचं काय कारण नाय. खाली जाळ चालू हाय आणि शिट्टी वाजायची थांबली, तर मग घाबर."

मी ते लक्षात ठेवलं. पुढे कुकरच्या नाही, भलत्याच ठिकाणी ते कामाला येणार होतं.

आमच्या घराला लागून सासऱ्यांची भाताची गिरणी होती. मी आले तेव्हा ती विजेच्या मोटरवर चालायची. पण शेडच्या एका अंगाला जुनं वाफेचं इंजिन आणि त्याचा बॉयलर तसाच पडून होता. विलायतेतून आलेला, राणीच्या काळातला. त्याच्या पोटावर पितळेची पट्टी होती, तिच्यावर मुकुट आणि इंग्रजी अक्षरं. सासऱ्यांनी तो कुठल्याशा लिलावात घेतला होता आणि भाताचं तूस जाळून वर्षानुवर्षं गिरणी चालवली होती. मग एक दिवस पाणी दाखवणारी काचेची नळी फुटली आणि उकळत्या पाण्याने त्यांचा उजवा हात खांद्यापर्यंत भाजला. हात राहिला, पण कामातून गेला. शेवटपर्यंत त्यांच्या धोतराचा काष्टा सासूबाईच घालून द्यायच्या. त्या दिवसानंतर सासूबाईंनी त्या शेडमध्ये पाऊल टाकलं नव्हतं. कोंबडी तिकडे गेली तरी त्या दारातूनच हाका मारायच्या.

आणि ह्यांचा जीव नेमका त्या शेडमध्ये. त्याच लिलावात इंजिनाबरोबर एक ट्रंक आली होती, तीत विलायती मासिकांचे जाडजूड गठ्ठे होते. इंग्रजी ह्यांना बेताचंच यायचं, पण चित्रं पाहायला इंग्रजी लागत नाही. उंच टोपी घातलेले साहेब पंख लावून उडतायत, घोड्याशिवाय चालणारी बग्गी धूर सोडतेय, समुद्राखाली बोट, पुलावर पूल. त्या माणसांना वाटलं असावं की जगात जे जे करायचं ते वाफेनेच होणार. कारखान्यातून आले की हे ती पानं घेऊन बसायचे आणि जेवण गार व्हायचं.

एका वर्षी गणपतीच्या दोन-तीन महिने आधी त्यांच्या डोक्यात आलं. ताटावर बसल्या बसल्या मला म्हणाले, "खोपोलीला डोंगरावरनं पाणी पाइपातनं खाली येतं, त्याची वीज होते आणि मुंबईला जाते. समज, ही वीज कधी गेलीच नसती, तर मुंबई कशी चालली असती?"

मी म्हटलं, "आपल्याला काय करायचंय? आमटी वाढू का?"

"वाफेवर चालली असती," ते म्हणाले आणि ताटातल्या भातात बोटाने रेघा ओढायला लागले.

त्या वर्षी मंडळाचा गणपती आमच्या गिरणीच्या खळ्यात बसला आणि त्याच्यासमोर ह्यांची मुंबई उभी राहिली. फळ्या, पत्र्याचे डबे, सायकलची चाकं, छत्रीच्या काड्या, काय काय वापरलं होतं देव जाणे. मोठं घड्याळ असलेला मनोरा होता, पण त्याच्या चारही तोंडांतून धुराच्या चिमण्या निघालेल्या. चौपाटीवर नारळाच्या करवंट्या टांगलेली कापडी विमानं गोल फिरत होती. ट्राम जमिनीवरून नाही, तर इमारतींच्या गच्च्यांवरून धावत होती. डबेवाल्याच्या डोक्यावरची पाटी साखळीवरून सरकत एका खिडकीतून दुसऱ्या खिडकीत जायची. आणि हे सगळं हलवायला मोटर नव्हती. हलवत होतं ते सासऱ्यांचं इंजिन. बॉयलरही ह्यांनी झाकला नव्हता. शेडचे खळ्याकडचे पत्रे काढून, त्याला घासूनपुसून, काळा रंग देऊन, जागच्या जागीच बांबूच्या कठड्याआड देखाव्यात घेतला होता. लोकांना दिसलं पाहिजे की हे खोटं नाही, असं त्यांचं म्हणणं.

लोक खुळावले. खोपोलीहून, चौकहून माणसं येत होती, डोंगरातल्या वाड्यांवरच्या बायका पोरं कडेवर घेऊन तासन्‌तास उभ्या राहत होत्या. मला मात्र तो देखावा बघवत नव्हता. ती गच्चीवरची ट्राम, ती करवंट्यांची विमानं, तो दर फेऱ्याला सुस्कारा टाकणारा मनोरा. मला वाटायचं, हे शहर जिवंत आहे आणि त्याचं पोट त्या कठड्याआड जळतंय. आमची चार वर्षांची मुलगी पुढच्या रांगेत बसून टाळ्या पिटायची. मी बायकांच्या घोळक्यात मागे उभी राहून फक्त बॉयलरकडे बघायचे.

ह्यांना ते कळलं. पहिल्याच दिवशी त्यांनी मला कठड्याच्या आत नेलं. बॉयलरच्या डोक्यावर एक आडवा लोखंडी दांडा होता, त्याच्या टोकाला आकड्यात अडकवलेला लोखंडी गोळा. "हा तुझ्या कुकरची शिट्टी," ते म्हणाले. "आत वाफ जास्त झाली की हा दांडा आपोआप उचलला जातो आणि वाफ बाहेर सोडतो. दाब दाखवणाऱ्या काट्याचं काय खरं नाय, तो अडकून बसतो. पण हा दांडा मोकळा हाय तोवर बॉयलर फुटायचा नाय." माझ्यादेखत दांडा टुणकन वर झाला, फुस्स करून पांढरा झोत निघाला आणि मी ह्यांच्या सदऱ्याला घट्ट धरलं. पण नंतर मला त्या आवाजाचाच आधार वाटायला लागला. दर संध्याकाळी मी त्या दांड्यावर डोळे लावून उभी राहायचे. तो उचलला की माझा श्वास सुटायचा.

माझ्यासारखंच घरात आणखी एक माणूस भ्यायलेलं होतं. सासूबाई देखावा बघायला आल्याच नाहीत. आरतीला त्या ओटीवरूनच हात जोडायच्या. ह्यांनी शर्ट काढला की ह्यांच्या हाताकडे बघत राहायच्या, उजव्या हाताकडे. रात्रभर त्यांच्या खाटेची करकर मला ऐकू यायची. आम्ही दोघी एकाच भीतीत होतो आणि एकमेकींना बोललो नाही. सासू-सुनेच्या बोलण्यात हे बसत नव्हतं.

गौरी जेवल्या त्या दिवसाची गोष्ट. दिवेलागणीआधी ह्यांनी बॉयलरमध्ये तूस भरून जाळ धरला आणि आरतीआधी अंघोळ करायला घरी आले. मी स्वयंपाकघरात होते. सासूबाई मागच्या दाराने बाहेर पडल्या हे मी पाहिलं, पण गोठ्यात गेल्या असतील असं वाटलं. अंघोळ उरकून हे परत गेले आणि इंजिन सुरू केलं, तर ट्रामचा पट्टा निसटला. इंजिन थांबवून ते तडक फळ्यांच्या खाली, मुंबईच्या तळघरात घुसले. वर आरती सुरू झाली. झांजा, टाळ, ढोलकी, सगळा कल्लोळ.

मी माझ्या नेहमीच्या जागी येऊन उभी राहिले आणि दांड्याकडे बघितलं. इंजिन थांबलेलं, म्हणजे वाफ कुठे खर्च होत नव्हती. जाळ धगधगत होता. अशा वेळी दांडा सारखा उचलायला हवा होता. तो हलत नव्हता.

आधी मला वाटलं, झांजांमुळे ऐकू येत नसेल. मग मी नीट बघितलं. दांड्याच्या टोकाला, गोळ्याच्या आकड्यात, तोरण लटकत होतं. आंब्याची पानं, झेंडू, आणि मध्ये पाच असोले नारळ, सोलले नसलेले, आमच्याच माडाचे. त्यांचं वजन त्या गोळ्याहून कमी नसावं, म्हणजे दांड्यावर दुप्पट भार. आजूबाजूला सगळीकडेच हार-तोरणं होती, म्हणून कुणाला त्यात वावगं दिसलं नव्हतं. पण ती गाठ मी ओळखली. पदराच्या किनारीची चिंधी फाडून दुहेरी गाठ मारायची सवय आमच्या घरात एकाच बाईला होती.

सासूबाईंनी लेकासाठी नवस केला होता. इतक्या वर्षांत जिथे पाय ठेवला नाही त्या शेडमध्ये जाऊन, पाटावर चढून, त्यांनी त्या मशिनीला पाच नारळ बांधले होते, की माझ्या पोराला सांभाळ. आणि तोरण अडकवायला आकडा दिसला तो एवढाच.

खोटं कशाला सांगू, पहिला विचार आला तो पळण्याचा. समोर माझी मुलगी त्या बॉयलरपासून चार हातांवर बसून टाळ्या पिटत होती. हे त्याच्याही जवळ, फळ्यांखाली. ओरडले असते, तर त्या कल्लोळात कुणी ऐकलं नसतं, आणि ऐकलं असतं तर हसले असते. मी घोळक्यातून रेटत निघाले. एक नणंद हसून म्हणालीच, "वैनी भ्यायली वाटतं परत." मी मुलीला बखोटीला धरून उचललं, मागच्या बाईच्या अंगावर अक्षरशः टाकलं, "बाहेर न्या हिला" म्हटलं आणि पडद्याखालून फळ्यांखाली शिरले.

आत अंधार होता आणि तेलाचा वास. ह्यांचे फक्त पाय दिसत होते. मी घोटा धरून हलवला.

"अहो, शिट्टी थांबलीय."

त्यांना क्षणभर कळलं नाही. मग ते सरपटत बाहेर आले, वर बघितलं, तोरण बघितलं. त्यांनी गाठही ओळखली असणार. पण आवाज चढवला नाही.

"तू बाहेर जा."

"तुम्ही?"

"जा म्हणतो ना."

मी गेले नाही. धैर्य म्हणून नव्हे, ह्यांना तिथे सोडून जाणं त्याहून भीतीचं होतं. त्यांनी मांडवाचा एक सुटा बांबू घेतला, खांबाच्या आडोशाला उभं राहून त्याचं टोक तोरणाच्या दोरीत घातलं आणि हळूहळू, पाळण्यातलं मूल उचलावं तसं, ते तोरण वर उचललं. मी डोळे मिटून घेतले. नारळ धपाधप खाली पडले आणि मग जो आवाज झाला, तसा मी जन्मात ऐकला नाही. वाफ छताला जाऊन आपटली, मांडवाचं कापड फुगलं, मनोरा, ट्राम, चौपाटी सगळं पांढऱ्या ढगात बुडून गेलं. माझ्या चेहऱ्याला ऊन वाफ लागली.

बाहेर लोक टाळ्या वाजवत होते. त्यांना वाटलं, देखाव्यातलाच हा शेवटचा खेळ. बाप्पाचा जयजयकार सुरू झाला आणि बराच वेळ थांबला नाही.

ह्यांनी फावड्याने जाळ ओढून काढला आणि मगच खाली बसले. दोन्ही हात मांडीवर पालथे ठेवून त्या हातांकडे बघत बसले. मला रडू फुटलं, मोठ्याने. कुणी हसलं नाही, कारण कुणाला ऐकू गेलं नाही.

सासूबाई आल्या त्या गर्दी पांगायच्या आत. ह्यांना जाळ ओढून काढताना बघितलेल्या मंडळाच्या कुणा पोराने त्यांना सांगितलं होतं, बॉयलर उडता उडता राहिला. त्यांनी आधी लेकाचा उजवा हात हातात घेतला, बाही वर सारून खांद्यापर्यंत चाचपला. मग जमिनीवरचं तोरण बघितलं. त्यातला एक नारळ कोयत्याने सोलून फोडला. त्यांनी त्याचं खोबरं काढलं, एक तुकडा ह्यांना दिला, एक मला.

"खा पोरी, तुज्या कुंकवाचा परसाद हाय. म्या तोरण बांदलं म्हनून माजा लेक वाचला." मग गणपतीकडे वळून, सगळ्यांच्या देखत हात जोडून म्हणाल्या, "पुढल्या वर्सी अकराचं बांदीन रं बाप्पा."

आम्ही दोघांनी एकमेकांकडे न बघता ते खोबरं खाल्लं. बॉयलरच्या धगीने ते कोमट झालं होतं.

त्या रात्री मी ह्यांना म्हटलं, "आईंना एवढंच सांगा, दांड्याला नको, दुसरीकडे कुठेही बांधा."

"आणि तिनं का म्हणून इचारलं तर?"

मी पांघरूण ओढून घेतलं. नवऱ्याचा हात गेलेला तिने पाहिला होता. लेकाचा जीव आपल्याच हाताने जात होता हे कळलं असतं, तर ती बाई त्या रात्रीनंतर झोपली नसती.

दिवाळीच्या आत ह्यांनी बॉयलर आणि इंजिन खोपोलीच्या भंगारवाल्याला देऊन टाकलं. ट्रकवर चढवताना पितळेची पट्टी तेवढी काढून घेतली. मुंबईच्या फळ्या थंडीत बंबात गेल्या. मंडळाची पोरं पुढे कितीतरी वर्षं विचारत राहिली, वाफेवरची मुंबई परत कधी? हे म्हणायचे, "आता वीज हाय की." मासिकांची ट्रंक त्यांनी माळ्यावर टाकली आणि पुन्हा उघडलेली मी पाहिली नाही.

सासूबाई मात्र शेवटपर्यंत ह्यांच्यावर रुसलेल्या होत्या. देवाने राखलेली मशीन, अकरा नारळांचा नवस बोललेला, आणि ह्याने ती मोडीत काढली. पुढे त्यांनी तो नवस फेडला. ह्यांच्या कारखान्याच्या पाळीला जायच्या वाटेवर, आमच्या दारावर, अकरा नारळांचं तोरण बांधून. हे त्याच्याखालून वाकून, हात जोडून कामावर गेले. ते नजरेआड झाले तशी मी स्टूल घेतलं, वर चढले आणि ते कशाला बांधलंय ते हात लावून बघितलं.