गुटीची फांदी

कामिनीच्या झाडाला गुटी, म्हणजे फांदीला झाडावरच मुळं फुटवायचं कलम, बांधायची ती पावसाळा लागला की. पेन्सिलीएवढी जाड फांदी निवडायची, तिची साल अंगठीसारखी गोल काढायची, उघड्या भागावर ओलं शेवाळ दाबायचं आणि वरून प्लास्टिक गुंडाळून दोन्हीकडून सुतळीने आवळायचं. मला हे जमतं. मला बहुतेक कामं नीट जमतात, आणि झालेलं काम यादीतून खोडायला आवडतं. म्हणून शेजारच्या काकू मला हेडमास्तरीण म्हणायच्या.

कामिनी त्यांची. धाड या गावी त्यांचं माहेर. तिथून जीपमध्ये मांडीवर ठेवून आणलेलं रोप बुलढाण्याच्या आमच्या कॉलनीत त्यांच्या डोक्यावर गेलं होतं. पानं बारा महिने हिरवीगार. पावसाची चांगली सर झाली की काही दिवसांनी झाड पांढरं व्हायचं आणि वास माझ्या स्वयंपाकघरात यायचा. काकू सकाळी चहाचा चोथा बुंध्याशी टाकत आणि मधल्या भिंतीवरून माझ्याशी बोलत.

"एक गुटी बांधू का?" मी विचारलं.

"बांध नं. पण वहीत लिहून ठेव बाई, नाहीतर तुले झोप नाही येणार."

गुटीला मुळं फुटायच्या आधीच काकूंच्या ओसरीवर साप निघाला. सर्पमित्राने तो धरला, पोत्यात घातला आणि म्हणाला, "धामण हाय. इख नसते हिले. उंदराच्या मागं येते. जवळपास अडगळ हाय का कुठं? लाकडं, विटा?"

मी तिथेच उभी होते. भिंतीच्या माझ्या बाजूला, ताडपत्रीखाली, गच्चीवरच्या खोलीसाठी आणलेल्या विटा रचलेल्या होत्या. खोलीचं काम लांबलं आणि विटा राहिल्या. त्यात उंदीर झालेत हे मला माहीत होतं. 'विटा हलवणे' हे मी जुन्या यादीतून नव्या यादीत उतरवत आले होते. पण अख्खी गल्ली जमली होती, आणि गल्लीत माझं घर टापटिपीचं म्हणून ओळखलं जातं. मी बोलले नाही.

"विटा कायले पाहता?" गर्दीतली एक बाई म्हणाली. "दारात कामिनी लावली नं यायनं. वासानं साप येतेच."

"वासाचं काही नसते हो," सर्पमित्र म्हणाला. पण सगळ्यांच्या नजरा झाडाकडे गेल्या होत्या. माझीही गेली.

काकूंचा मुलगा पुण्याला असतो. तो आणि सून दिवाळीला बाळाला घेऊन येणार होते. त्या नातवाला काकूंनी तोवर मोबाइलवरच पाहिलं होतं. सापाचं कळल्यावर मुलाने फोनवर सांगितलं: आधी ते झाड काढ, मग आम्ही येऊ.

कुऱ्हाडीचा आवाज ऐकून मी भिंतीशी गेले. काकू स्वतःच घाव घालत होत्या.

"काकू, जरा थांबा ना."

"कायले थांबू? नातू रांगून राह्यला आता. झाड काय, दुसरं लावता येते."

तेव्हा विटांचं सांगितलं असतं तर अर्धं झाड तरी वाचलं असतं. मी घरात गेले.

दुपारी पाहिलं तर उघड्या बुंध्यावर एकच फांदी शिल्लक होती. "तुही गुटी हाय नं तिले," काकू म्हणाल्या. "मुळं फुटू दे, मंग ने." त्या एका फांदीसाठी त्या चोथा टाकत राहिल्या.

त्याच आठवड्यात मजूर लावून मी विटा हलवल्या. खालच्या थरात सापाची कात निघाली. यादीतली ओळ खोडली, पण बरं वाटलं नाही.

प्लास्टिकमधून पांढरी मुळं दिसू लागल्यावर मी फांदी कापून कुंडीत लावली. काकूंनी उरलेला बुंधाही काढला. दिवाळीत नातू त्या जागेवर रांगला.

पुढच्या पावसाळ्यात माझ्या कुंडीत पहिला बहर आला. काकू भिंतीशी आल्या.

"फुलली का वं, हेडमास्तरीण? वास येऊन राह्यला." आणि मग काळजीने, "तुह्या घरी साप नाही निंगाला नं?"

त्या खरोखरच विचारत होत्या. मग मला राहवलं नाही.

"साप माझ्याकडचाच होता, काकू. विटांत राहत होता. कात सापडली मला."

"त्या दिवशी काऊन नाही बोलली?"

"लाज वाटली."

"इटायची?"

मी मानेनेच हो म्हटलं. त्या आत गेल्या.

दुसऱ्या दिवशी कुंडी मी त्यांच्या फाटकाशी नेऊन ठेवली. अजून तिथेच आहे. माती ओली असते, चोथाही दिसतो, म्हणजे त्या पाणी घालतात. आत मात्र नेलेली नाही. माझ्याशी बोलतात. फक्त आता मॅडम म्हणतात.