विंडसरचा खुनी आणि नलूमावशीचा मित्र

ब्रॅम्पटनला मला बसमध्ये बसवताना माझ्या मावसभावाने, मंदारने, शेवटची सूचना दिली, "ताई, त्या माणसाला नीट पारखून घे. आईला मात्र कळू देऊ नकोस."

'तो माणूस' म्हणजे ग्रॅहम, इतिहासाचा निवृत्त शिक्षक. विंडसरमध्ये जन्मभर डॉक्टरकी करून आता एकटी राहणारी माझी नलूमावशी, म्हणजे मंदारची आई, सत्तरीनंतर त्याच्याशी लग्न करायचं म्हणत होती. मी पुण्याहून फिरायला आलेली. मंदारला आयतीच हेर सापडली.

विंडसरला उतरल्यावर पहिल्यांदा दिसली ती नदी आणि पलीकडच्या डेट्रॉइटच्या उंच इमारती. नदी हीच सरहद्द, आणि अमेरिका इथे चक्क उत्तरेला आहे! मावशी घ्यायला आली होती. "सामान टाक गाडीत. ग्रॅहमचा वॉक मिस होईल."

ग्रॅहम दर शनिवारी लोकांना जुन्या विंडसरमधून पायी फिरवतो आणि एका अमेरिकन खुन्याची गोष्ट सांगतो. हे मंदारला ठाऊक नसावं.

गोष्ट विसाव्या शतकाच्या सुरुवातीची. हा माणूस तरुणपणी औषधांच्या दुकानात नोकरीला होता. विषांची ओळख तिथलीच. दिसायला रुबाबदार, बोलायला गोड. लग्नाच्या जाहिराती पाहून तो एकट्या विधवांना पत्रं लिही आणि नाव बदलून लग्न करी. मग बायको आजारी पडे. हा तिच्या उशाशी बसून स्वतःच्या हाताने सूप भरवी. ती गेली, की घर विकून दुसऱ्या गावी. अशा चौघी गेल्या, आणि प्रत्येक गावाने त्याच्या सेवेचं कौतुकच केलं. पाचवीसाठी तो नदी ओलांडून इकडे आला.

एका विटांच्या घरासमोर ग्रॅहम थांबला. "एडिथ इथे खाणावळ चालवायची. लग्नानंतर थोड्याच दिवसांत तिने अंथरूण धरलं. पण शेजारीण भारी चौकस! तिच्या लक्षात आलं, नवरा पलीकडे गेला की एडिथला बरं वाटतं, परतला की पुन्हा उलट्या. तिने डॉक्टरांना गाठलं. उरलेलं सूप तपासलं, आणि हा फेरीबोटीवर पकडला गेला. तुरुंगातच मेला."

"नाव काय त्याचं?" कुणीतरी विचारलं.

"इतकी होती, कुठलं सांगू? तुम्ही एडिथचं लक्षात ठेवा. तिने पुढे कितीतरी वर्षं खाणावळ चालवली."

मग ग्रॅहमने आम्हा दोघींना घरी जेवायला नेलं. टेबलावर वाफाळतं मशरूमचं सूप आलं. माझा चमचा हवेतच थांबला. मावशीने ते पाहिलं, शांतपणे माझा बाऊल उचलून ग्रॅहमपुढे ठेवला आणि त्याचा माझ्यापुढे सरकवला. तो पठ्ठ्या घटाघटा प्यायला आणि म्हणाला, "तुमच्या जागी मीही हेच केलं असतं." तिघेही इतके हसलो, की माझं सूप टेबलक्लॉथवर सांडलं.

तो भांडी घासायला गेल्यावर मावशी हळूच म्हणाली, "मंदारने इन्स्पेक्शनला पाठवलंय ना तुला?"

मी कबूल केलं. "पण मावशी, लग्नच कशाला?"

"अगं, मंदार रोज फोन करतो. पण फोनवरून घरापुढच्या ड्राइव्हवेवरचा बर्फ उपसला जात नाही, आणि सकाळच्या चहाला समोर कुणी बसत नाही. ग्रॅहम बसतो. आणि हसवतो."

दोन दिवस राहून परतले. बस स्टँडवर मंदारने पहिला प्रश्न केला, "काय वाटलं?"

"माणूस चांगला आहे," मी म्हटलं आणि त्याला सगळी गोष्ट सांगितली. येताना बसमध्ये माझ्या मनात एकच विचार होता: त्या चार गावांत कौतुक करणारे पुष्कळ होते, दार वाजवून आत येणारं कुणी नव्हतं. "काळजी वाटते ना?" मी पुढे म्हटलं. "मग हेर पाठवू नकोस. स्वतः जा, त्यांच्याबरोबर जेवायला बस."

गाडी सुरू करण्याआधी मंदारने आईला फोन लावला.

"आई, शनिवारी येतोय. ग्रॅहमना खायला काय आवडतं?"