पानी नोन्नांचं त्रेम्पेल

माझा एक विनोद पश्चिम युक्रेनमधल्या आमच्या कोलोमिया गावात चौदा महिने चालला. सलग इतकी तर माझी सायकलही कधी चालली नाही. विनोद नोन्ना पाव्लिव्नांवर होता. त्या आमच्याच घरात राहत होत्या, आमच्याच टेबलावर जेवत होत्या आणि दर वेळी माझ्याबरोबर हसतही होत्या. त्या चौदा महिन्यांत, सुरुवातीची एक वस्तू सोडली तर, त्यांनी माझ्याकडे दुसरं काहीही मागितलं नाही, हे मात्र माझ्या ध्यानात आलं नाही. आता आलंय, म्हणून लिहायला बसलो.

बाई पूर्वेकडच्या खारकिव शहरातल्या, तिथल्या साल्तिव्का वस्तीतल्या. नऊ मजली इमारतीत सातव्या मजल्यावर राहायच्या. युद्ध सुरू झालं आणि बाँबने वरचे दोन मजले गेले तेव्हा एक बॅग आणि अंगावरचा कोट एवढंच घेऊन निघाल्या आणि बावीसच्या मार्चमध्ये आमच्या स्टेशनवर उतरल्या. एकतीस वर्षं त्यांनी तिकडच्या एका नाट्यगृहात प्रेक्षकांचे कोट सांभाळले होते. कोट घ्यायचा, खुंटीला लावायचा, नंबराचा बिल्ला द्यायचा. नाटक एकही धड पाहिलं नाही, पण माणसं वाचायला शिकल्या, तीही कॉलरीच्या आतून. कोट अडकवायचा जो छोटासा बंद असतो, तो तुटलेला दिसला की त्या भल्याभल्यांना फैलावर घ्यायच्या.

पहिल्याच संध्याकाळी त्यांनी माझा कोट हातात घेतला. "ओमेल्यान वासिल्योविच, तुमचा बंद तुटलाय."

"बावीस वर्षं झाली."

"आणि शिवायला बायको नाही?"

"तिला तीस झाली."

युस्तिनाने, म्हणजे माझ्या बायकोने, डाव उगारला. बाई खळखळून हसल्या. मला वाटलं, जमलं आपलं.

आम्ही त्यांना मागची खोली दिली. 'दिली' हे क्रियापद मी त्या काळात छाती काढून वापरत असे. "कपाटही तुमचंच समजा," असंही म्हटल्याचं आठवतं. कपाट उघडून पाहिल्याचं मात्र आठवत नाही.

दुसऱ्या दिवशी दुपारी बोर्श्च, म्हणजे आमचं बीटाचं सूप, वाढलेलं होतं. शेजारचा झेनिक न्हावी आणि त्याची बायको या नव्या पाहुण्याबाईंना बघायला आले होते. बाईंनी चमचा खाली ठेवला आणि अगदी हलक्या आवाजात विचारलं, "आपल्याकडे एखादं त्रेम्पेल मिळेल का?"

हा शब्द मी जन्मात ऐकला नव्हता. भल्या माणसाने विचारलं असतं, म्हणजे काय हो? मी म्हटलं, "त्रेम्पेल? अरेरे! होतं, पण कालच खाल्लं."

झेनिक कशाला मागे राहतो! "आंबट होतं का रे?"

"आंबट नव्हतं, पण हाडं फार."

झेनिकच्या बायकोला ठसका लागला. बाईही तोंडावर हात धरून हसल्या. कानापर्यंत लाल झाल्या होत्या. "राहू द्या, राहू द्या. सवयीने तोंडातून गेलं," म्हणाल्या आणि चमचा उचलला.

आमच्याकडे बाईमाणसाला आदराने 'पानी' म्हणतात. आठवड्याच्या आत त्या साऱ्या गल्लीच्या 'पानी त्रेम्पेल' झाल्या. पाववाली ओरडायची, "पानी त्रेम्पेल, राईचा पाव आलाय हो!" त्या हात हलवायच्या. जो भेटेल त्याला मी तो किस्सा सांगायचो. हाडं दर महिन्याला वाढत गेली.

त्यांच्याकडे एक राखाडी झगा होता. सणावाराला तोच घालायच्या, आणि तो कायम चुरगळलेला, आडव्या-उभ्या घड्या पडलेला. त्यावरही मी एक विनोद केला. "पानी नोन्नांचा झगा म्हणजे नकाशा, उलगडला तरी घड्या जात नाहीत." याही विनोदाला हशा मिळाला.

तेवीसच्या मे महिन्यात झेनिकच्या दुकानात माझं त्रेम्पेल रंगात आलं होतं. खुर्चीत एक चष्मेवाला परका माणूस बसला होता, अर्ध्या गालाला साबण लावलेला. किस्सा संपला. सगळे हसले, तो हसला नाही.

"हँगर," तो आरशातूनच म्हणाला.

"काय?"

"आम्ही खारकिवचे लोक हँगरला त्रेम्पेल म्हणतो. तिने कपडे टांगायला हँगर मागितला तुमच्याकडे." जरा थांबून त्याने विचारलं, "मग कुठे टांगले तिने?"

मी टोपी उचलून निघालो. झेनिकचा वस्तरा हवेतच राहिला.

घरी आलो तर बाई बाजारात गेल्या होत्या. मी ते कपाट उघडलं. हात शिरायला जागा नव्हती. माझे दोन ओव्हरकोट, युस्तिनाची फर, पडदे, एक मोडकी स्की, आणि एकोणीस वर्षांपूर्वी गेलेल्या माझ्या वडिलांचा मेंढीच्या कातड्याचा कोट. बाईंची मात्र एक चिंधीही नव्हती. राखाडी झगा पलंगाखालच्या बॅगेत होता, चौपदरी घडी घातलेला.

वडिलांचा कोट बाहेर ओढला तेव्हा कॉलरीच्या आत बोट गेलं. नवा बंद. काळा दोरा, दुहेरी टीप. मग एकेक कोट पाहत गेलो. सगळ्यांना नवे बंद होते. मेलेल्या माणसाच्या कोटालासुद्धा.

त्याच दिवशी कपाट रिकामं केलं आणि सहा लाकडी हँगर आणले. बाई दारात येऊन उभ्या राहिल्या. "हे काय?"

"त्रेम्पेल," मी म्हटलं. "सहा आहेत."

"वडिलांचा कोट असा जमिनीवर? कसर लागेल!"

"पानी नोन्ना, तुम्ही तेव्हाच का नाही हो सांगितलंत?"

"काय सांगायचं? दोन आठवड्यांत पहिल्यांदा माझ्यासमोर कुणी हसलं होतं. म्हटलं, हसू दे."

त्यांनी एक हँगर घेतला, राखाडी झगा त्याला लावला, खांदे नीट केले.

"बाकीचे पाच?"

"एक पुरे. सहा टांगले की मी इथे राहायलाच आले असं होईल." त्यांनी बॅगेची चेन लावली.

दुसऱ्या दिवशी मी पाववालीकडे गेलो. त्रेम्पेल म्हणजे काय, बाईंनी काय मागितलं होतं, चूक कुणाची, सगळं सरळ सांगितलं. ती गल्ल्यावर हात आपटून हसली. "हँगर! आणि तू म्हणे खाल्लास! अगं बाई, हे तर आधीच्यापेक्षा भारी आहे, ओमेल्यान!" झेनिककडेही तेच झालं. तीस वर्षं गावाला हसवल्यावर माझं खरं कोण ऐकणार?

माझा कोट आता बंदाला धरून खुंटीवर टांगतो. मागच्या खोलीत कपाट उघडलं की पाच रिकामे हँगर खडखडतात. ते ऐकू आलं की मी हातातलं काम सोडून बसून राहतो, न जाणो बाई काही मागतील. अजून तरी मागितलेलं नाही.