मागे फिरणारी किल्ली आणि राडोयची जीभ

आमच्या स्तारोबर्दोच्या घंटाघरातल्या घड्याळाला चावी द्यायचं काम एकोणतीस वर्षं राडोयकडे होतं. उंच, खांद्यात वाकलेला, अबोल माणूस. अबोल अशासाठी, की बोलला तर खरं बोलायचा आणि मग निस्तरत बसायचा. नव्या पाद्रीबुवांनी एकदा हौसेनं विचारलं, "प्रवचन कसं झालं?" हा म्हणाला, "संपलं, हे बरं झालं."

घड्याळाची किल्ली हातभर लांब, लोखंडी. उजवीकडे फिरवली की घड्याळ चालतं. डावीकडे फिरवली तर अख्खं गाव एक तास मागे जातं आणि त्या तासातलं कुणाला काही आठवत नाही, फिरवणाऱ्यालासुद्धा. ती घडवली मिन्को लोहारानं. स्वतःच्या लग्नाला तो तासभर उशिरा पोचला, तोवर नवरी दुसऱ्याच्या गाडीत बसून गेली होती. त्यानं घरी येऊन तापल्या डोक्यानं किल्ली घडवली, घड्याळात घालून चार-पाचदा डावीकडे फिरवली, आणि नशीब म्हणा, या खेपेला वेळेवर पोचून लग्न लावलं. आता वेळेवर पोचला म्हटल्यावर किल्ली घडवायचं कारणच उरलं नाही. मग ती आली कुठून? या प्रश्नावरून गुत्त्यात दोनदा डोकी फुटली आहेत. उत्तर सापडलं नाही, किल्ली मात्र खुंटीवर आहे.

कुणाचं दूध उतू गेलं की लोक हाक मारायचे, "राडोयदादा, फिरव की जरा डावीकडे!"

"आत्ताच फिरवली," हा म्हणायचा. "परत उतू गेलं."

खरं तर त्यानं ती कधी फिरवली नव्हती. निदान आम्हाला तसं वाटतं.

त्या वर्षी सेंट जॉर्जच्या सणाला महापौरांच्या बायकोनं, रुमियानाबाईंनी, चौकात बानित्साची स्पर्धा ठेवली. चीज भरलेली ही थरांची पोळी आमच्याकडे घरोघरी होते, आणि प्रत्येकीला आपलीच भारी वाटते. ताटं झाकलेली, वर फक्त नंबर. परीक्षक कोण? जो खोटं बोलत नाही तो. राडोय नको नको म्हणत होता, तरी त्याला ओढून मंचावर उभा केला आणि हातात माईक दिला. माझं चपला शिवायचं दुकान चौकातच, म्हणून सगळं मी डोळ्यांनी पाहिलं.

पहिला नंबर त्यानं खाल्ला, म्हणाला, "बरी आहे." दुसरा, "चांगली आहे." तिसऱ्याचा घास घेतला आणि त्याचे डोळे पाणावले. पाण्याचा अख्खा तांब्या संपवून तो माईकमध्ये म्हणाला, "या बाईच्या नवऱ्याची मला दया येते. बिचारा रात्रभर पाणी पीत असेल."

चौक हसून लोटपोट झाला. रुमियानाबाईंनी तिसऱ्या ताटाखालची चिठ्ठी उघडून वाचली: वेलिका. राडोयची बायको. लग्नाला एकतीस वर्षं झालेली.

वेलिका पहिल्याच रांगेत बसली होती. तिनं अंगावरचा एप्रन सोडला, घडी घातली आणि मांडीवर ठेवला. राडोयनं ते पाहिलं, माईक टाकला आणि घंटाघराकडे पळत सुटला.

"किल्ली! किल्ली फिरवायला चालला!" कुणीतरी ओरडलं, आणि अर्धा चौक त्याच्या मागे.

दारातच त्याला सोल्लाक पशुवैद्यानं अडवलं. "थांब, दादा! आत्ताच माझ्या गाईला पाडी झालीये. मागचे पाय आधी आले होते, सगळा घाम गळाला माझा. परत नाही काढायचो मी!"

"फिरव, फिरव!" मागून क्रूम न्हावी. "मी आत्ताच सोंगट्यांत हरलोय!"

"खबरदार!" त्याला हरवणारा ओरडला. "दहा वर्षांत पहिल्यांदा जिंकलोय मी!"

एक पोरगी रडायला लागली, कारण तिच्या प्रियकरानं अकराच्या सुमारास एकदाचं लग्नाचं विचारलं होतं. "परत विचारायची हिंमत त्याला व्हायची नाही हो, काका! हे झालं तेच नशीब!"

राडोय कुणाचंच ऐकेना. त्र्याण्णव पायऱ्या चढून तो वर गेला. मी त्याच्या मागे, धापा टाकत. त्यानं खुंटीवरची किल्ली काढून घड्याळात घातली.

तेवढ्यात जिन्यातून कण्हणं ऐकू आलं. वेलिका. दुखऱ्या गुडघ्यांनी, एकेका पायरीवर थांबत, दोन्ही हातांनी कठडा धरून स्वतःला ओढत ती वर आली.

"फिरवतोयस?" तिनं विचारलं.

"हो. म्हणजे तुला ते ऐकावं लागणार नाही."

"अरे शहाण्या, तुला तरी आठवणार आहे का? तासाभरानं परत तोच घास खाशील, परत तेच बोलशील, परत इथं पळत येशील. आणि मी परत या पायऱ्या चढेन. माझे गुडघे सांगतायत, हे आज पहिल्यांदा नाही."

राडोय किल्लीकडे बघत राहिला. मीही माझ्या पायांकडे बघितलं. खोटं कशाला सांगू, पोटऱ्या दोन-चार वेळा चढल्यासारख्या भरून आल्या होत्या.

त्यानं किल्ली बाहेर काढली. "मग मी काय करू?"

"एकतीस वर्षं खारट लागत होतं तर बोलला का नाहीस? गावाला तोंडावर सांगतोस!"

"तू एवढ्या प्रेमानं करायचीस. घरात जीभ रेटायची नाही."

"प्रेमानं? तुझ्या आईनं लग्नाच्या दिवशी मला बाजूला घेऊन सांगितलं, आमच्या राडोयला खारटच आवडतं. आज तूच परीक्षक, म्हणून आणखी मूठभर मीठ घातलं. मला स्वतःला घशाखाली उतरत नाही ते!"

"खारट आईला आवडायचं," राडोय हळूच म्हणाला. "मला कधीच नाही."

वेलिका खालच्या पायरीवर बसली. आधी मला वाटलं रडते आहे. मग तिचे खांदे हलायला लागले आणि हसण्याचा आवाज घंटेत घुमला. राडोयही हसला. तो हसलेला मी त्यापूर्वी पाहिला नव्हता.

उतरायला त्यांना पाऊण तास लागला. पाडी जन्मलेलीच राहिली, क्रूम हरलेलाच राहिला, पोरीचं लग्न सप्टेंबरात झालं. पहिलं बक्षीस रुमियानाबाईंनी स्वतःलाच दिलं.

पुढच्या रविवारी वेलिकानं मीठ न घालता बानित्सा केली. राडोयनं घास घेतला, जरा विचार केला आणि म्हणाला, "अळणी आहे."

तिनं मिठाची वाटी उचलून त्याच्यासमोर आपटली. "घे. हवं तेवढं घाल आणि गप खा."