कुंदाताईचे वाल

कुंदाताई गेल्याचा फोन तिच्या मुलीने, नीताने केला, तेव्हा मी वेड्यासारखं विचारलं, "खिडकीतल्या पेल्यात पाणी घातलंस का गं?" ती म्हणाली, "घातलं, काका." मग दोघंही रडलो… त्याला आता महिना झाला.

ऐंशीच्या दशकात कुंदाताई टीव्हीवर मुलांसाठी शैक्षणिक कार्यक्रम करायची. ती दिग्दर्शिका, मी तिचा सेटवाला. तक्ते रंगव, बाहुल्या शिव, पडेल ते काम. तिची एक खोड होती. कार्यक्रम लागायच्या वेळी ती मुलुंडहून घाटकोपरला आमच्या चाळीत यायची. तिथे एका टीव्हीपुढे वीसेक पोरं बसायची आणि ताई टीव्हीकडे पाठ करून त्यांच्या तोंडाकडे बघत बसायची. कोण जांभई देतंय, कोण पाणी प्यायला उठतंय, सगळं वहीत. "पडद्यावर काय आहे ते मला माहितेय रे. ह्यांच्यापर्यंत काय पोचतंय ते बघू दे," म्हणायची.

एकदा बी रुजण्यावर भाग होता. काचेच्या पेल्यात ओला कापूस, त्यात वाल. शेवटच्या चित्रणाच्या आदल्या दिवशी दिव्यांच्या उष्णतेने रोप करपलं आणि माझी तंतरली. ताईला सांगितलं असतं तर तिने सगळं पहिल्यापासून करायला लावलं असतं. घरच्या डब्यात चवळीचं रोप होतं, ते गुपचूप आणून बसवलं. म्हटलं, पोरांना काय कळतंय.

भाग लागला. शेवटी रोप दिसलं आणि आठ वर्षांची सुनंदा म्हणाली, "ह्यां वालाचा नाय. वालाचा पान रुंद असता." तिची आई बिरड्यासाठी वालांना मोड आणायची; उरलेले सुनंदा डब्यात लावायची. बाकीची पोरं खिदळली, "टीव्हीवाले चुकतात काय? तुलाच लय कळतं!" सुनंदाचं तोंड एवढंसं झालं. ताईने वळून पहिल्यांदाच स्वतःचा कार्यक्रम पाहिला, मग माझ्याकडे. मी मान खाली घातली. चूक माझी, आणि हसं त्या पोरीचं झालं होतं. आजही लाज वाटते.

पुढच्या भागात चूक कबूल करायची, असं ताईने ठरवलं. आमचे साहेब भडकले. "शिकवणाराच चुकलो म्हणाला तर त्याचं ऐकणार कोण? असं काही केलंत तर मालिका गेली समजा."

"जाऊ दे," ताई म्हणाली. "ती मुलगी बरोबर होती, हे सगळ्या पोरांना कळलं पाहिजे."

पुढचा भाग थेट प्रक्षेपणाचा होता, कापायला वाव नव्हता. ताईने मलाच कॅमेऱ्यापुढे उभं केलं, हातात दोन पेले देऊन. मी सांगितलं, ही चवळी, हा वाल, मी फसवलं आणि एका मुलीने ओळखलं. त्या वेळी चाळीत ताईच्या जागी, टीव्हीकडे पाठ करून, माझी बायको बसली होती. नवरा पहिल्यांदा टीव्हीवर आला आणि तिने बघितलाच नाही, हे ती मला अजून ऐकवते. "सुनंदा काय म्हणाली?" ताईने तिला पहिलं हेच विचारलं. "काही नाही. नुसती एकेका पोराकडे बघत होती."

मालिका गेली ती गेलीच. ताईने दोन पेले पिशवीत घातले आणि वर्षभर पोरांना ते दाखवत चारकोपपासून चेंबूरपर्यंत शाळा पालथ्या घातल्या, मी मागे मागे. नव्या साहेबांनी परत बोलावलं तेव्हा तिची अट एकच होती… चुकलो तर सांगणार. तिने ती शेवटपर्यंत पाळली.

गेल्या आठवड्यात नीता ताईचा खिडकीतला पेला आणि वालाचा डबा देऊन गेली. मी चार दाणे लावले. आज पान उघडलं. नातीने विचारलं, "आजोबा, हे कसलं?"

"तूच सांग," म्हटलं, आणि पेल्याकडे पाठ करून तिच्या तोंडाकडे बघत बसलो.