उत्तराची वाट

पारोळ्याच्या बाजारात बांगड्या भरणारी ती म्हातारी मला एकदाच भेटली. माझी लेक तेव्हा साडेतीन वर्षांची होती आणि जेमतेम चार-पाच शब्द बोलायची. दुसऱ्या दिवशी तिला जळगावला डॉक्टरांकडे न्यायचं होतं, त्यामुळे माझा जीव थाऱ्यावर नव्हता.

म्हातारीने लेकीची बोटं हलकेच दाबून पाहिली. "कोनती जोयजे बेटा, लाल का हिरवी?"

"तिला लाल आवडते," मी म्हणाले.

"तुनं नाव काय शे?"

तेही मीच सांगितलं.

म्हातारी माझ्याकडे बघून हसली. "बाई, तिना बठ्ठा जवाब तूच देस. मंग ती ईचार कवय करी?"

तिने लेकीला पुन्हा रंग विचारला आणि नुसती बघत राहिली. मागे दोन गिऱ्हाइकं खोळंबली, तरी तिला घाई नव्हती. सगळी उत्तरं मीच दिली तर लेक विचार कधी करणार, हे मला पटलं; मी ओठ घट्ट मिटून बसले. बऱ्याच वेळाने लेक म्हणाली, "पिवळी. मोठी. आईला."

म्हातारीने खळखळून हसत पिवळ्या बांगड्या माझ्याच हातात भरल्या.

जळगावच्या डॉक्टरांनी कान तपासले, ते चांगले होते. तिच्याशी भरपूर बोला आणि तिलाही बोलायला उसंत द्या, असं त्यांनीही सांगितलं. गप्प बसणं मला जड गेलं, पण जमलं.

काही महिन्यांनी केळं खाताना लेकीने विचारलं, "आई, साल काढली तरी केळं वाकडंच का राहतं?"

मग आम्ही दोघींनी आणखी एक सोलून पाहिलं.