गोलरेषेवरची फक्की

मधु धुरी मैदानावर रेषा मारायला लागला की येणारे-जाणारे दोन मिनिटं थांबून बघत. ओमानात, माबेलाच्या पलीकडे, उघड्याबोडक्या डोंगरांच्या पायथ्याशी एक लष्करी कॉलेज आहे. त्याच्या फुटबॉल मैदानावर मधु एकोणीस वर्षं कामाला. गवत कापायचं, पंप चालवायचा, जाळ्या शिवायच्या. पण जीव सगळा रेषांत. दोन खुंट्या ठोकायच्या, मध्ये सुतळी ताणायची, ती बोटाने टणकन वाजवून बघायची, आणि मगच हात चालवायचा.

ही विद्या वेंगुर्ल्याकडच्या शाळेतली. मधु पाचवीत होता तेव्हा सव्वीस जानेवारीच्या खेळांसाठी गुरुजींनी रेषा आखायच्या पांढऱ्या फक्कीचा डबा त्याच्या हाती दिला. आट्यापाट्यांचं मैदान आखून झालं. गुरुजी धोतर सावरत जमिनीवर आडवे झाले, एक डोळा मिटून त्यांनी रेष निरखली आणि म्हणाले, "धुरी, गणितात तू नापास होणार. पण तुझी रेष पास." दोन्ही गोष्टी खऱ्या झाल्या.

त्या फक्कीचा चुना शिंपल्यांचा. शाळेमागच्या खड्ड्यात वर्षानुवर्षं भिजून, सुकून, पार मेलेला, दाह संपलेला. पोरं त्यात लोळायची, एकमेकांच्या तोंडाला फासायची. कधी कुणाला काही झालं नाही.

ओमानात रेषा पेंटच्या. यंत्रात ओता आणि ढकला. मधुला त्यात मजा वाटत नसे, पण तक्रार करायचा नाही.

त्या वर्षीच्या हंगामात कॉलेजची टीम कधी नव्हे ती जिंकत सुटली होती, आणि त्याला कारण गोलकीपर तय्यब. जवळच्या सीब गावातल्या बलुची घरातला, एकवीस वर्षांचा. आजा शिपाई, बाप शिपाई. घरातला पहिला अफसर तय्यब होणार होता, येत्या जूनमध्ये. बलुची असल्याने हिंदी चांगली बोलायचा. प्रत्येक मॅचच्या आधी तो गोलमध्ये आडवा पडायचा, एक डोळा मिटायचा आणि रेष वाकडी आहे म्हणत मधुची खोड काढायचा. गुरुजींची गोष्ट मधुनेच त्याला सांगितली होती ना.

सेमीफायनलच्या आठवड्यात पेंट संपला. स्टोअरवाला तीन दिवस एकच सांगत होता, "बुक्रा, इन्शाल्ला." उद्या देतो म्हणे. मॅचची सकाळ उजाडली तरी त्याचा उद्या काही आला नाही. बिनरेषांच्या मैदानावर मॅच होत नसते.

मधुच्या खोलीत राहणारा तानाजी गवंडी. त्याच्या साइटवर गिलाव्याच्या चुन्याची गोणी होती. मधु ती आणायला गेला.

"ताजा माल आहे, मधुभाऊ, कातडी जाळतो. हातमोजे घाला," तानाजी म्हणाला.

"मेल्या, मी पाचवेपासून फक्की मारतंय," मधु हसला. "तू तुझ्यो भिंती बघ."

मग त्याने उघड्या हाताने फक्की मारली. चाळीस वर्षांनी. सुतळी वाजली, बोटांतून पांढरी धार सुटली, आणि मधु शीळ घालत मैदानभर फिरला. दहाच्या सुमाराला बोटांच्या बेचक्यांत आग व्हायला लागली. कातडी पांढरी पडून सुटत होती. मधु गोलपाशी थांबला. सगळं झाडून काढायचं तर सहा तास हवेत, आणि मॅच साडेतीनला. त्याने हातांना खोबरेल चोळलं, हात खिशात घातले आणि गवतावर पाण्याचे फवारे सोडले, रोजच्यासारखे.

साडेतीनला तय्यब गोलमध्ये आडवा पडला. "मधुचाचा, आज लाइन सीधी है. तबियत ठीक नहीं क्या?"

"तू गोल संभाल," मधु म्हणाला. हात खिशातच.

उत्तरार्धात कॉर्नरवर गर्दी झाली. तय्यबने रेषेवर झोकून देऊन बॉल धरला, तोंड ओल्या चुन्यात. उठता उठता त्याने चुन्याने भरलेल्या हातमोज्याने डोळा चोळला आणि जी किंकाळी फोडली, ती ऐकून सगळं मैदान जागच्या जागी उभं राहिलं. मधु तेवढा धावला. पाण्याचा पाइप घेऊनच धावला. वीस मिनिटं तो तय्यबचं डोकं मांडीवर घेऊन पाणी सोडत होता आणि एकच म्हणत होता, "आँख खोल, बेटा. आँख खोल."

डावा डोळा गेला. उजवा पाण्याने वाचला, असं डॉक्टर म्हणाले. तय्यबचा बाप आभार मानायला हलव्याचा डबा घेऊन आला आणि त्याने मधुचे हात धरले. सोललेल्या बोटांत कळ गेली, पण मधुला ओरडता आलं नाही.

मॅचच्या दुसऱ्याच दिवशी पेंट आला होता. मधुने चुना धुऊन काढला, उरलेली गोणी पंपघरात लपवली, आणि त्याच रेषांवर पेंट मारला.

पंधरवड्याने ऑफिसातल्या नयनाताईंनी त्याला चहाला थांबवलं. त्या पुण्याच्या, अपघाताच्या चौकशीची कागदपत्रं त्याच टाइप करत. "तो मुलगा चोरून लेन्स लावायचा, त्यातलं औषध डोळ्यात गेलं, असं म्हणतायत हो. तसं ठरलं तर कमी नजर लपवून फसवलं म्हणून घरी पाठवतील. मैदानाची चूक निघाली असती तर निदान ऑफिसात नेमणूक मिळाली असती."

"मैदानाचा काय लिहिलां हा?"

"रेषा नेहमीच्या पेंटच्या. खाली तुमचीच तर सही आहे."

मधुने चहा तसाच ठेवला. संध्याकाळी गावी बायकोला, मंगलाला फोन लावला आणि पहिल्यापासून सगळं सांगितलं. 

"झील कितको तो?"

"एकवीस."

"आपल्या स्वरूपाएवढो." मग म्हणाली, "मगे जावा. सांगा."

सकाळी मधु अर्धी गोणी खांद्यावर घेऊन मोठ्या साहेबाच्या दारात उभा राहिला. नयनाताई इंग्रजीत सांगत होत्या आणि सांगताना मधुकडे बघत नव्हत्या. साहेबाने गोणीत वाकून बघितलं, मधुचे हात उलटसुलट करून बघितले. "खलास," एवढंच म्हणाला. तय्यबला सीबच्या ऑफिसात खुर्ची मिळाली. मधुचा व्हिसा रद्द. दहा दिवसांत देश सोडायचा.

नवव्या दिवशी मधु मैदान आखत होता. काम त्याचं नव्हतं आता, पण फायनल होती आणि दुसरं कुणी नेमलेलं नव्हतं. तय्यब आला. काळा चष्मा, इस्त्रीचा युनिफॉर्म.

"हाथ दिखाओ."

मधुने हात पुढे केले. बेचक्यांत अजून लाल होतं.

"ये कब हुआ? मॅच के बाद?"

"सुबह."

"सुबह से पता था?"

"हाँ."

गोलच्या मधोमध, ओल्या रेषेवर तय्यबने बूट ठेवला, सावकाश घासला, आणि मागे न बघता निघून गेला.

रेषेत हातभर खिंडार पडलं. पेंट भरलेलं यंत्र शेजारीच उभं होतं. मधुने सुतळी गुंडाळली, खुंट्या उपटल्या, आणि ते खिंडार तसंच सोडलं.